पास्कूचा गुडघा आणि चौधरी सर

मामा गेल्याचं मला कारखान्यात कळलं. गोखिवऱ्याला पत्र्याचे डबे करणारा एक लहानसा कारखाना आहे, तिथे मी सुपरवायझर आहे. मशिनांचा आवाज इतका की फोन आला तर ऑफिसातला कारकून काचेवर टिचक्या मारतो आणि मूठ कानाशी नेऊन दाखवतो. फोनवर मामेबहीण शैला होती. बाबा सकाळी चहा प्यायले, कप खाली ठेवला आणि गेले, असं तिने सांगितलं. कधी नेणार ते मी विचारलं, तिने वेळ सांगितली. मी फोन ठेवला, परत आत गेलो आणि जेवणाच्या सुट्टीपर्यंत काम केलं. ज्या माणसाने मी कॉलेजात पाऊल ठेवल्यापासून माझी झोप, माझं खाणं आणि माझं धावणं ठरवलं, तो माणूस गेला आणि मला काही वाटलं नाही... त्याचंच काय ते थोडं नवल वाटलं. संध्याकाळी स्मशानात गेलो. खांदा दिला. भाच्याने द्यायचा असतो म्हणून दिला.

राग आला तो पंधरा दिवसांनी, कॉलेजच्या हॉलमध्ये शोकसभा झाली तेव्हा. स्टेजवर मामांचा मोठा फोटो, त्याला हार, बाजूच्या टेबलावर त्यांच्या टीमने मुंबईहून जिंकून आणलेला तो एकुलता एक चषक. वामन चौधरी, आमच्या भागातले पहिले फुटबॉल कोच, चौधरी सर. एकेक जण उठत होता आणि शिस्त, त्याग, तपश्चर्या या तीन शब्दांचा हार गुंफत होता. मग एक गृहस्थ उठले. आता मोठे वकील आहेत, कॉलेजात असताना मैदानाकडे फिरकल्याचं मला आठवत नाही. त्यांनी त्या फायनलची गोष्ट सांगितली. आपला एक खेळाडू जखमी झाला, पण सरांनी त्याला बाहेर काढलं नाही, डाव्या बाजूला नुसतं उभं ठेवलं, समोरच्या टीमचे दोन गडी त्याच्यावर पहारा देत बसले आणि दुसऱ्या बाजूने आपण गोल केला. केवढा डावपेच, केवढं डोकं, ते म्हणाले. हॉलमध्ये टाळ्या पडल्या. शोकसभेत टाळ्या. त्या जखमी खेळाडूचं नाव वकीलसाहेबांना आठवत नव्हतं. 'आपल्या कोळीवाड्यातला एक मुलगा' असं ते म्हणाले आणि पुढे गेले.

सभा सुटल्यावर इथल्या एका साप्ताहिकाच्या संपादकांनी मला गाठलं. तुम्ही सरांचे भाचे, शिवाय त्या टीमचे कॅप्टन, तेव्हा पुरवणीसाठी तुम्हीच लिहा, असा त्यांचा आग्रह. मी लिहितो म्हटलं. जे लिहीन ते छापाल ना, असंही विचारलं. ते हसले, त्यांना वाटलं मी विनयाने बोलतोय. घरी आईला सांगितलं तर ती म्हणाली, "गेलेल्या माणसाचं वाईट बोलू नये, सुधीर." मी म्हटलं, ते जिवंत होते तेव्हाही कोणी बोललं नाही, मग बोलायचं कधी? तिचा तो सगळ्यात धाकटा भाऊ, तिने कडेवर वाढवलेला. तिचं दुःख मला कळतं. पण हा लेख तिच्या भावाबद्दल नाही, चौधरी सरांबद्दल आहे. त्यांना इथे अहो-जाहो करतोय ते सवयीने, आदराने नव्हे.

जे त्यांचं आहे ते त्यांना देऊन टाकतो. आमची आजोळची वाडी उमराळ्याला, केळी आणि पानवेलींची. मामांना शेण-पाण्यात रस नव्हता. ते मुंबईला एका मिलमध्ये लागले ते खेळाच्या जोरावर, मिलच्या फुटबॉल टीममध्ये बरीच वर्षं खेळले. मग शारीरिक शिक्षणाची पदवी घेऊन परत आले. तेव्हा इथलं कॉलेज नवं होतं, त्यांना नोकरी मिळाली. कॉलेजला मैदान नव्हतं. खाजणाच्या कडेला एक पडीक तुकडा होता, भरतीला अर्धा पाण्याखाली जाणारा. तिथे दर रविवारी मुलांना नेऊन त्यांनी माती टाकून घेतली, दोन वर्षं. तोवर इथे फुटबॉल म्हणजे चर्चच्या आवारातला पोरखेळ, नाहीतर कोळीवाड्यातल्या मुलांनी ओहोटीला वाळूवर अनवाणी तुडवलेला बॉल. वाडीवाल्यांची पोरं, पाद्र्यांच्या शाळेतली पोरं आणि होडीवरची पोरं एका रंगाच्या बनियनमध्ये उभी करणारा पहिला माणूस माझा मामा. मुंबईची कॉलेजं आमच्याकडे भातशेतीतली बुजगावणी बघावीत तसं बघायची. पाच-सहा वर्षांत ती तसं बघायची थांबली. हे खरं आहे, आणि ते लिहायला मला जड जात नाही.

जड जातं ते पुढचं. मी पहिल्या वर्षाला आलो त्या दिवशी आईने मला मामांच्या स्वाधीन केलं. घरी मामा, मैदानावर सर, हे त्यांनी मला पहिल्याच दिवशी सांगितलं, आणि ते नीट कळावं म्हणून सगळ्यांसमोर थोबाडीत मारली. माझा काही अपराध नव्हता. भाच्याला आधी मारलं की बाकीच्यांना तक्रार करायला तोंड राहत नाही, हा त्यातला हिशेब मला फार उशिरा उमगला. सराव पहाटे समुद्रकाठी, कोरड्या वाळूत, पाय घोट्यापर्यंत रुततील तिथे. आणि पाणी प्यायचं नाही. सराव संपेपर्यंत थेंबही नाही. पाण्याने पोट जड होतं आणि मन मऊ होतं, असं त्यांचं म्हणणं. मातीचा माठ ते स्वतः भरून आणून ठेवत आणि त्याच्या शेजारी स्टूल टाकून बसत. उन्हाळ्यात एकदा आमचा गोलकीपर चक्कर येऊन पडला. सरांनी उठून माठातलं पाणी घेतलं, त्याच्या तोंडावर मारलं आणि उरलेलं त्याच्यासमोर वाळूत ओतलं. तो ओली वाळू बघत राहिला. आम्ही सगळे ती बघत राहिलो. आज पन्नास माणसं त्याला शिस्त म्हणतात.

प्रत्येकाला त्यांनी नाव दिलं होतं, हाक त्याच नावाने. मला 'केळ', वाडीवाल्याचा पोरगा आणि दाबलं की मऊ म्हणून. पास्कूला 'बोंबील'.

पास्कूचं खरं नाव पास्कल. राहणार पाचूबंदरच्या कोळीवाड्यात, वडिलांची होडी. तो आमच्या कॉलेजात होता, पण होता म्हणजे नावापुरता, कारण समुद्र चांगला असला की तो होडीवर असायचा. सरांनी त्याला किल्ल्याजवळच्या वाळूवर खेळताना पाहिलं. डाव्या पायाने खेळायचा, आणि धावताना बॉल पायाला बांधल्यासारखा राहायचा... मी पुढे बरेच खेळाडू पाहिले, मेक्सिकोचा वर्ल्ड कप टीव्हीवर पाहिला, पण समोरच्या गड्याला नुसत्या खांद्याच्या हालचालीने खाली बसवणारा माणूस मी प्रत्यक्ष एकच पाहिला. सर मला घेऊन पाचूबंदरला गेले. मासळीचा लिलाव नुकताच आटोपला होता, बायका टोपल्या भरत होत्या. पास्कूचे वडील, बस्त्यावकाका, होडीला टेकून विडी ओढत होते. पोरगा म्हणजे होडीवरचा एक हात आहे, तो गेला तर दुसरा कुठून आणू, असं त्यांनी सरळ विचारलं. सर वाकले आणि त्यांनी बस्त्यावकाकांचे दोन्ही हात हातात घेतले. मी मामांना कोणाचे हात असे धरताना आधी पाहिलं नव्हतं.

"दोन वर्षं द्या मला हा पोरगा," ते म्हणाले. "मिलच्या टीममध्ये घालतो. कायमची नोकरी. माझा शब्द."

बस्त्यावकाकांनी थोडा वेळ किल्ल्याकडे पाहिलं. मग म्हणाले, "शब्द हाय तर न्या."

त्या दिवसापासून पास्कू होडीवर गेला नाही. दोन वर्षं तो पहाटे पाचूबंदरहून चालत यायचा, सगळ्यांच्या आधी वाळूवर हजर असायचा. सर त्याला सगळ्यांपेक्षा जास्त राबवत आणि सगळ्यांपेक्षा जास्त बोलत. अंगाला वास येतो म्हणून लांब उभा राहा, असं एकदा चारचौघांत म्हणाले. पास्कू लांब उभा राहिला. मी कॅप्टन होतो, मी काही बोललो नाही. त्याला नोकरी हवी होती, मला मामांची मर्जी हवी होती. दोघांचंही दुखणं एकच होतं, फक्त त्याचं पोटाचं होतं.

आणीबाणी उठली त्या वर्षीच्या हिवाळ्यात आम्ही कॉलेजांच्या स्पर्धेत फायनलला पोचलो. सेमीफायनलमध्ये पास्कूने दोन्ही गोल केले आणि दुसरा करताना पाय मुरगळून पडला. उठला, लंगडत खेळ पुरा केला. सकाळपर्यंत उजवा गुडघा नारळाएवढा झाला होता. फायनल चार दिवसांवर. सरांनी मला त्याला सायकलवर घेऊन गावातल्या एका वयस्क डॉक्टरांकडे पाठवलं. डॉक्टरांनी त्याला आत घेतलं, मी बाहेर बाकावर बसलो. बऱ्याच वेळाने ते एकटेच बाहेर आले, माझ्या हातात चिठ्ठी दिली आणि म्हणाले, ही तुमच्या सरांच्या हातात दे, दुसऱ्या कोणाच्या नको. गुडघ्याच्या आतलं काहीतरी फाटलंय, निदान दोन महिने पाय जमिनीवर जोराने पडता कामा नये, नाहीतर हा पाय त्याला जन्मभर साथ देणार नाही... असं त्यांनी तोंडानेही सांगितलं, आणि चिठ्ठीत इंग्रजीत तेच लिहिलेलं मी वाटेत वाचलं.

सर खोलीत बुटांना खिळे ठोकत बसले होते. पास्कू दाराबाहेर, भिंतीला धरून. सरांनी चिठ्ठी वाचली, घडी केली, खिशात घातली. मला विचारलं, वाचलीस? मी हो म्हटलं. ते म्हणाले, "नाही वाचलीस." मग हातोडी खाली ठेवून बाहेर गेले आणि पास्कूला म्हणाले, लचक आहे, धावलास की मोकळी होईल. पास्कूने त्यांच्याकडे पाहिलं, पण विचारलं मला.

"सुधीर, डॉक्टरनी काय लिव्हलंय?"

मामा माझ्या मागे उभे होते. मला त्यांचा चेहरा दिसत नव्हता, दिसायची गरजही नव्हती. मी म्हटलं, "लचक आहे, असंच लिहिलंय."

हे वाक्य मी मामा जाईपर्यंत कोणाला सांगितलं नव्हतं. बायकोलाही नाही.

फायनल मुंबईला झाली. सरांनी स्वतः त्याच्या गुडघ्याला पट्टी आवळून बांधली. पहिला हाफ तो खेळला, कसा ते त्यालाच माहीत, पण खेळला, आणि समोरच्या टीमचे दोन गडी पहिल्या दहा मिनिटांतच त्याच्या अंगाला चिकटले. दुसऱ्या हाफच्या सुरुवातीला तो वळला आणि खाली बसला. कोणीही त्याला हात लावला नव्हता. पुढे कितीतरी जणांनी मला सांगितलं की काहीतरी तुटल्याचा आवाज आला. मी मैदानाच्या मध्यावर होतो, मला आवाज आला नाही. मला फक्त त्याचं तोंड दिसलं. मी धावत कडेला गेलो आणि सरांना म्हटलं, त्याला काढा, बदली गडी तयार आहे. कॅप्टन म्हणून मी तोंड उघडल्याची ही एकच वेळ. सर पास्कूकडे बघत ओरडले, उभा राहा. पळू नकोस, नुसता उभा राहा. आणि तो उभा राहिला. सगळं वजन डाव्या पायावर टाकून, हात कंबरेवर ठेवून, सामना संपेपर्यंत. समोरच्यांना कळलं नाही, त्यांचे दोघे शेवटपर्यंत त्याच्यापाशी राहिले. उजव्या बाजूने आम्ही गोल केला. वकीलसाहेबांनी सांगितलेली गोष्ट तंतोतंत खरी आहे. त्यांनी फक्त त्याचं तोंड पाहिलेलं नाही.

चषकाबरोबरच्या फोटोत पास्कू नाही. तो तेव्हा एका बाकावर आडवा होता. दोन महिन्यांनी पट्ट्या निघाल्या तेव्हा त्याचा उजवा पाय अर्धवटच वाकत होता. वसंतात मिलची माणसं खेळाडू बघायला आली. सरांनी आमच्यातल्या दोघांची नावं दिली, पास्कूचं दिलं नाही. बस्त्यावकाका कॉलेजात आले. मी व्हरांड्यात होतो. ते अंगात धुतलेला सदरा घालून आले होते आणि दारातच उभे राहिले, आत या असं त्यांना कोणी म्हटलं नाही. त्यांनी शब्दाची आठवण करून दिली. सर म्हणाले की लंगड्याला टीममध्ये कोण घेईल, आणि शिवाय तुमच्या मुलाने दुखापत लपवली, चषकाच्या हव्यासापायी माझ्याशी खोटं बोलला, आता त्याचं खापर माझ्यावर फोडू नका. हे ते मोठ्याने बोलले, सगळ्यांना ऐकू जाईल असं. बस्त्यावकाकांनी माझ्याकडे पाहिलं. त्यांना ठाऊक होतं की डॉक्टरकडे मी नेलं होतं. मी नोटीस बोर्डाकडे तोंड फिरवलं. ते गेले. पुढे असंच सगळीकडे पसरलं, की पास्कूने दुखणं लपवलं. कॉलेजात अजून तसंच सांगतात.

होडीवर उभं राहायला दोन्ही गुडघे लागतात. पास्कू होडीवर परत जाऊ शकला नाही. काही वर्षं जाळी विणत बसला, मग धक्क्यावर मासळीच्या लिलावात बोली पुकारायचं काम त्याला मिळालं. त्याचा आवाज मोठा होता. मी पाचूबंदरला जायचं सोडलं. दहा-अकरा वर्षं त्या रस्त्याने गेलो नाही.

टीम मी त्याच वर्षी सोडली. मामांनी कारण विचारलं नाही. आईला मात्र येऊन सांगितलं की तुझा मुलगा भित्रा निघाला. हे त्यांचं म्हणणं खरं होतं, त्यांनी समजून उमजून म्हटलं नसलं तरी. घरातल्या लग्नाकार्यांत आम्ही एका पंगतीला बसायचो आणि बोलायचो नाही. त्यांना माझी काही कमी जाणवली नाही. आणखी सहा-सात वर्षं त्यांनी मुलं वाळूत पळवली, माठाशेजारी बसले, नावं ठेवली. पण चषक पुन्हा आला नाही. पोरं क्रिकेटकडे वळली. आचोळ्याच्या बाजूला इमारती उठल्या, तिथून मुंबईतल्या चाळी सोडून आलेल्या घरांची मुलं कॉलेजात येऊ लागली. त्यांच्या आई-बापांना चौधरी सर कोण ते ठाऊक नव्हतं. एका मुलाला मारलं तर त्याची आई थेट प्रिन्सिपॉलांच्या खोलीत जाऊन बसली आणि माफी मागितल्याशिवाय उठणार नाही म्हणाली. ठेंगणी, चष्मा लावलेली, पोस्टात नोकरी करणारी बाई. सरांनी माफी मागितली नाही, राजीनामा दिला. कॉलेजातले जुने लोक त्या प्रसंगाबद्दल हळहळतात. मला त्या बाईचे पाय धरावेसे वाटतात. तिने जे केलं ते आमच्यापैकी एकाच्याही आईने केलं नाही... माझ्या तर नाहीच.

मामांची आणि माझी शेवटची भेट ते जायच्या तीन महिने आधी झाली. हृदय कमकुवत झालं होतं, डॉक्टरकडे न्यायला माणूस हवा होता, शैला सासरी, म्हणून आईने मला पाठवलं. रिक्षात आम्ही शेजारी बसलो होतो. खूप वाळले होते. मला दया यायला हवी होती आणि थोडी आलीही, म्हणूनच बहुधा मी विचारलं. पास्कूची चिठ्ठी आठवते का, असं. त्यांनी मान वळवली नाही. मग काय फायनल सोडायची होती, एवढंच म्हणाले. मी म्हटलं, त्याचा पाय गेला. तुम्ही त्याच्या बापाला शब्द दिला होता. वरून त्यालाच खोटं ठरवलंत. एकदा जाऊन भेटा तरी. पाचूबंदर काही लांब नाही, मी नेतो.

तेव्हा ते माझ्याकडे वळले. त्यांचा आवाज पार गेला होता, पण बोलायची तऱ्हा तीच.

"डॉक्टरने काय लिहिलंय ते त्याने तुला विचारलं होतं, सुध्या. मला नाही. खोटं तू बोललास."

मी डॉक्टरकडे त्यांना नेलं, परत घरी सोडलं, मामीने दिलेला चहा न पिता निघालो. त्यांनी सांगितलं ते खरं होतं. पण खरी गोष्ट एखाद्याच्या अंगावर कशी टाकायची, हे त्या माणसाला जन्मभर जमलं. स्वतःवर घेणं कधी जमलं नाही. मरायला टेकलेला माणूस मऊ होतो म्हणतात. माझा मामा झाला नाही.

शोकसभेच्या दुसऱ्या दिवशी रविवार होता. मी पाचूबंदरला गेलो. लिलाव आटोपला होता. पास्कू एका उपड्या टोपलीवर पाय लांब करून बसला होता. केस आताच पांढरे व्हायला लागलेत, अंग सुटलंय. त्याने मला लगेच ओळखलं. सर गेल्याचं त्यालाही कळलं होतं, बस्त्यावकाका गेल्याचं मला त्याच्याकडून कळलं, चार वर्षं झाली म्हणाला. मी बसलो आणि त्याला सगळं सांगितलं. चिठ्ठीत काय होतं, सर काय म्हणाले, मी काय केलं. सांगताना माझ्या मनात कुठेतरी होतं की तो चिडेल, शिव्या देईल, आणि मग काहीतरी संपेल. त्याने मध्ये एकदाही थांबवलं नाही. माझं झाल्यावर म्हणाला, "मना माहीत होतं."

मला कळेना. मी विचारलं, कधीपासून?

"तवापासूनच. डॉक्टरनी आत मना सगलं सांगितलं होतं. तू बाहेर बाकावर होतास."

मग मला का विचारलंस, असं मी म्हटलं.

तो पाण्याकडे बघत होता. म्हणाला की सर नोकरी देणार होते, त्यांना नाही म्हणायची त्याची ताकद नव्हती. घरी बाप दोन वर्षं एकटा होडी ओढत होता. "तू कॅप्टन होतास. त्यांचा भाचा. तू बोलला असतास का चिठ्ठीत असं असं लिव्हलंय, तर मी नसतो खेललो. मना फक्त कोनीतरी बोलायला पायजे होतं."

धक्क्यावर बायका परातीतलं पाणी ओतून देत होत्या. मी माफी मागितली. त्याने ती घेतलीही नाही आणि टाकलीही नाही. त्याने सरळ माझ्याकडे बघून विचारलं, "आता कशाला आलास? ते गेले म्हनून?"

मी हो म्हटलं. मग त्याला कोणीतरी हाक मारली, तो टोपलीवर हात टेकून, डावा पाय आधी घेऊन उठला आणि गेला.

घरी आल्यापासून एक गोष्ट माझ्या लक्षात आली आहे. मी बुटाची नाडी बांधतो ती गाठ मधोमध येत नाही, बाहेरच्या बाजूला येते. खेळताना गाठ बॉलला लागली तर फटका वाकडा जातो, म्हणून मामांनी आम्हाला तशी बांधायला शिकवली होती. चुकलं की गाठीवर छडी. कारखान्यात कसला आलाय बॉल... पण इतकी वर्षं मी रोज सकाळी ती तशीच बांधत आलो आणि मला पत्ताही नव्हता. परवा ठरवून मधोमध बांधली, दुपारपर्यंत दोनदा सुटली. काल माझी मुलगी शाळेला निघताना उंबरठ्यावर बसून बूट घालत होती. तिचीही गाठ बाहेरच्या बाजूला. असं बांधायला कोणी शिकवलं, असं विचारलं तर म्हणाली, "तुम्हीच." मी खाली बसलो, तिची गाठ सोडली आणि मधोमध नीट फूल करून बांधली. तिने पाय पुढे करून पाहिला. हे कसंतरीच दिसतंय, असं म्हणाली, आणि वाकून गाठ सोडून परत बाहेरच्या बाजूला घेतली.